लाइपझिगचं तळं, आपली न्हाणी आणि उघडं अंग

कोटितीर्थ

मंडळी, विषय नाजूक आहे. दोन महिने मनात घोळतोय, आज लिहायचं ठरवलं. मनापासून वाचाल अशी आशा आहे.

गेल्या उन्हाळ्यात मुलीकडं लाइपझिगला तीन महिने राहून आले. तिच्या घरापासून बसनं जाण्याजोगं एक तळं आहे, कोस्पुडेनर झे. पूर्वी तिथं कोळशाची उघडी खाण होती. खाण बंद झाली, खड्ड्यात पाणी सोडलं आणि आता आपल्या रंकाळ्यापेक्षा कितीतरी मोठं तळं झालंय. काठाचा एक भाग कपड्यांशिवाय पोहणाऱ्यांसाठी आहे. एफकेके म्हणतात त्याला, म्हणजे मोकळ्या शरीराची संस्कृती. लपूनछपून काही नाही. आजी-आजोबा, नातवंडं, डबे, सतरंज्या, सायकली. पंचगंगेच्या घाटावर सुट्टीच्या दिवशी दिसतं तसंच सगळं, फक्त कुणाच्या अंगावर कपडा नाही.

आता माझ्याबद्दल सांगते, त्याशिवाय पुढचं कळायचं नाही. मला एकोणिसाव्या वर्षापासून कोड आहे. आधी डाव्या मनगटावर, मग कोपर, मान, पाठ, पोट. त्वचेला रंग देणाऱ्या पेशी जातात, बाकी काही होत नाही. संसर्ग नाही, दुखणं नाही. पण तीस-बत्तीस वर्षं मी मनगटापर्यंत बाह्यांचे ब्लाउज घातलेत, मे महिन्यातसुद्धा. दोन स्थळं पत्रिकेचं कारण सांगून फिरली, खरं कारण मध्यस्थाकडून कळलं. लग्न झाल्यावरही अंघोळीला आत गेले की आधी दिवा बंद करायची. का, ते आज सांगता येणार नाही. आत माझ्याशिवाय कुणी नसायचंच.

तळ्यावर पहिल्या दोन खेपांना मी सलवार-कमीज घालून झाडाखाली बसले. तिसऱ्या खेपेला मुलगी नव्हती, तिची घरमालकीण सोबत होती. सत्तरीच्या पुढची बाई, पूर्व जर्मनीत वाढलेली, पोटावर ऑपरेशनचा उभा व्रण. तिचं इंग्रजी माझ्याइतकंच मोडकं. डोक्याला गवती टोपी, डोळ्याला चष्मा, बाकी काही नाही, आणि मांडीवरच्या डब्यातून आलुबुखार खात बसलेली. त्या दिवशी काय झालं ठाऊक नाही, मी टॉवेल गुंडाळून पाण्यापर्यंत गेले आणि टॉवेल काठावर ठेवला.

बाहेर आले तेव्हा तिनं माझी पाठ बघितली. मी आतून गोठले. तिनं पिशवीतून क्रीमची ट्यूब काढली, स्वतःच्या पाठीकडं बोट केलं, मग माझ्या पाठीकडं, आणि म्हणाली, पांढऱ्या जागी जास्त लाव, तिथं ऊन लवकर भाजतं. एवढंच. हे काय आहे, कधीपासून आहे, औषध घेतलंस का, काही नाही. तिनं स्वतःच लावून दिलं आणि डबा पुढं केला.

परत आल्यावर मी या नेचरिझमबद्दल, म्हणजे कपड्यांशिवाय वावरण्याच्या चळवळीबद्दल, बरंच वाचलं. सगळीकडं एक गोष्ट सापडली: कपडे उतरले की माणूस बालपणीचा निरागसपणा परत मिळवतो, खोट्या थरांखालचं खरंखुरं माणूस वर येतं. घरमालकिणीला असलं काही म्हटलेलं पटायचं नाही. आम्ही पोहायला जायचो, म्हणायची. १९५४ मध्ये त्यांच्या सरकारनं बाल्टिक समुद्राच्या काठावर बंदी घालून पाहिली, लोक ऐकेनात, १९५६ मध्ये रीतसर जागा नेमून द्यावी लागली.

मलाही त्या दिवशी निरागस वगैरे वाटलं नाही. वाटलं ते ओळखीचं. कुठली ओळख, ते परतीच्या विमानात आठवलं.

मुलीच्या वेळी माहेरी होते, शिवाजी पेठेत. बाळंतिणीला न्हाऊ घालायला एक बाई यायच्या. न्हाणीत बंब पेटलेला, पाट मांडलेला, वाटीत कोमट तेल आणि हळद. धुरीला ओवा, बाळंतशोपा. सवा महिना रोज त्या बाईंच्या हाताखाली मी लहान लेकरासारखी बसत होते, आणि अंगावर काही नसायचं. त्यांचा हात खांद्यावरून पाठीवर, पाठीवरून कंबरेवर उतरायचा. डागापाशी तो थांबला नाही की चुकवून गेला नाही. फक्त पहिल्या दिवशी विचारलं, "हितं चरचरतंय काय गं, पाणी लई कढत हाय?" नाही म्हटलं. पुन्हा कधी विचारलं नाही.

तळ्यावरची बाई आणि न्हाणीतली बाई, दोघींनी एकच केलं. माझ्या डागाबद्दल कामाचं तेवढं विचारलं आणि पुढं गेल्या.

मला इथं नग्न किनारे हवेत म्हणून मी लिहीत नाही. मला विचारायचंय ते असं: आपल्या कोल्हापुरात अंग असं निर्धास्त सोडता येण्याच्या जागा कुठं होत्या? आज कुठं उरल्यात? आणि जे हरवलंय त्याला निरागसपणाच म्हणायचं का?


लालमाती

ताई, वाचून गप बसलो थोडा वेळ.

आमची जागा तालीम. वयाच्या नवव्या वर्षी आबांनी नेऊन सोडलं. पहाटे चारला उठायचं, अंगाला एक लंगोट, बाकी उघडं. हौद्यातली माती काय निव्वळ माती नसती. त्यात ताक, तेल, लिंबू, हळद, कापूर सगळं मुरवल्यालं असतंय. लढत झाली की दमून तसंच मातीत पडायचं आणि बारकी पोरं मूठमूठ माती घिऊन पाठीवर चोळायची. कोण कुणाचा, कुठल्या घरचा, हे त्या मातीखाली दिसत न्हवतं. वस्ताद नुसता मांडीला हात लावून सांगायचे, काल मेहनत चुकवलीस. तोंडानं खोटं बोलाय यील, अंगानं न्हाई.

माझा उजवा कान मोडल्याला हाय, गाठ झालीया. लग्नात बायकोच्या मावशीनं विचारलं, ह्यो कान असा का? तवा पैल्यांदा कळलं की कान वायला दिसतोय. तालमीत निम्म्यांचे कान तसेच.

आता नातू जिममधी जातोय. चारी बाजूला आरसं. आमच्या तालमीत आरसा न्हवता. पोरगं पाच मिन्टं उचलतंय आणि धा मिन्टं बघतंय. त्याला मी नावं ठेवत न्हाई, पण ते पोरगं मला दमल्यावानी दिसतं, आणि वजनानं दमल्यालं न्हाई ते.


बिंदूचौक

काका, फार सुंदर लिहिलंत. पण एक बोलते. तुमच्या हौद्यात बाईला पाय ठेवू देत नव्हते. मी वस्तादांची लेक आहे. लहानपणी उंबऱ्याबाहेर उभी राहून भाऊ मातीत लोळताना बघायची. खासबाग मैदान १९१२ साली शाहू महाराजांनी बांधून घेतलं. ते एवढं मोठं मैदान आणि तिथल्या कुस्त्या आमच्या घरात रोजच्या बोलण्यात, आणि मला मातीचा वास तेवढा माहीत. आज माझी मुलगी मॅटवर लढते. तिचे खांदे रुंद झालेत, बाजारात ब्लाउज मिळत नाही, आणि ती ते कौतुकानं सांगते.

कोटितीर्थ ताई, तुमच्या धाग्यातली एक गोष्ट मला लागली. बाईचं अंग दुसऱ्याच्या हातात निर्धास्त असतं ते तान्ही असताना, बाळंत झाल्यावर, आणि मग शेवटची अंघोळ घालतात तेव्हा. मधल्या सगळ्या वर्षांत नाही.


जुनीपाने

थोडा इतिहास देतो, कारण यातला एक धागा आपल्या अंगणातून जातो.

युरोपात ही नग्नतावादी चळवळ एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी जर्मनीत उभी राहिली. कारखाने, कोंदट चाळी, क्षयरोग यांना कंटाळलेली माणसं ऊन, हवा, पाणी यांच्याकडं वळली. पण आज माहीत असलेला पहिला नग्नतावादी संघ जर्मनीतला नाही, आपल्या ठाण्यातला आहे. १८९१ मध्ये ठाण्याचे न्यायाधीश चार्ल्स क्रॉफर्ड यांनी 'फेलोशिप ऑफ द नेकेड ट्रस्ट' काढली. सभासद तीन. त्यांनी इंग्लंडमधले विचारवंत एडवर्ड कार्पेंटर यांना लिहिलेल्या पत्रांतून हे कळतं. पुढं त्यांची बदली रत्नागिरीला झाली आणि संघ विरला.

मला यात एक गोष्ट सलते. ज्या ठाण्यात तीन साहेब कपडे उतरवून शुद्ध होऊ पाहत होते, तिथंच भोवती कातकरी आणि कोळी लंगोटीवर राबत होते, आणि त्यांच्या उघड्या अंगाला त्याच राज्यात रानटी म्हटलं जात होतं.

दुसरं नाव रघुनाथ धोंडो कर्वे. १९२७ ते १९५३ त्यांनी 'समाजस्वास्थ्य' मासिक चालवलं. मुखपृष्ठावर नग्नचित्र असायचं आणि नग्नतेत मुळात अश्लील काही नाही हे ते सरळ मांडायचे. अश्लीलतेचे खटले झाले. १९३४ च्या खटल्यात त्यांच्या बाजूनं डॉ. बाबासाहेब आंबेडकर उभे राहिले. कर्व्यांना निरागसतेत रस नव्हता. त्यांचं म्हणणं शरीराबद्दल खोटं बोलू नका एवढंच होतं, आणि माझ्या मते ते जास्त टिकणारं आहे.

कारण निरागसतेची ओढ कुठंही वळते. बर्लिनमध्ये आडोल्फ कोख नावाचे समाजवादी शिक्षक कामगारांच्या मुलांना उघड्या अंगानं व्यायाम शिकवत होते. त्याच काळात दुसरे काही जण उघडं अंग म्हणजे शुद्ध वंशाचा पुरावा असं लिहीत होते. १९३३ मध्ये नाझी आल्यावर कोख यांची शाळा बंद झाली, आणि ते दुसरे नव्या राजवटीत सुखानं सामावले.

आणि 'हरवलेला निरागसपणा' ही कल्पनाच बायबलमधल्या बागेतून आली आहे. फळ खाल्लं, लाज वाटली, पानं गुंडाळली, बाग सुटली. मग उलटं चालत गेलं तर बाग सापडेल असं वाटणं साहजिक आहे. आपल्याकडं अशी बाग नाही. त्यामुळं आपण परत कुठं जायचं, हा प्रश्न मला खरंच पडतो.


कुंभोजकर

जुनीपाने, तुमच्या शेवटच्या वाक्यासाठी लिहितोय. आमच्याकडं परत जायचं नसतंच. पुढं जायचं असतं.

मी हातकणंगले तालुक्यातला, शेतकरी जैन घरातला. कुंभोजच्या बाहुबलीची अठ्ठावीस फुटी मूर्ती बघत मोठा झालो. आमच्यात दिगंबर मुनींच्या रूपाला 'यथाजात' म्हणतात, जसा जन्मला तसा. शब्द ऐकून वाटेल की हीच ती बालपणाची निरागसता. पण तसं नाही. मुनींचे अठ्ठावीस मूलगुण असतात, वस्त्र न घेणं हा त्यातला एक. केस हातानं उपटणं, एकदाच जेवणं, उभ्यानं जेवणं, जमिनीवर झोपणं हे त्याच रांगेत. मुनींनी सोसायच्या बावीस परीषहांत, म्हणजे कष्टांतही, नग्नता गणली जाते, भूक, तहान, थंडी यांच्या बरोबरीनं. म्हणजे ती सोपी आहे, गोड आहे असं कुणी म्हटलेलंच नाही. आधी घर सुटतं, मग पैसा, मग राग-लोभ, आणि कापड शेवटी. ते राखायचं म्हणजे धुवायचं, सांभाळायचं, कुणाकडं तरी मागायचं.

आचार्य शांतिसागर महाराज आपल्याच भागातले. विसाव्या शतकात हेच रूप घेऊन ते पायी उत्तरेपर्यंत गेले, १९५५ मध्ये कुंथलगिरीला समाधी घेतली. आजी त्यांच्याबद्दल बोलताना डोळे पुसायची.

मी आठ-नऊ वर्षांचा असताना आमच्या दारात मुनींचा आहार झाला. सकाळपासून घर धुतलेलं. आई-बाबा दारात कलश घेऊन उभे, "नमोस्तु, अत्र तिष्ठ तिष्ठ" म्हणत. महाराज थांबले. आत आले, उभे राहिले, दोन्ही हातांची ओंजळ केली. मला दूध घालायला सांगितलं. मी वाटीतून धार धरली आणि माझं सगळं लक्ष त्या ओंजळीवर. बोटांच्या फटीतून थेंब गळू नये, दुधात केस-किडा येऊ नये, नाहीतर अंतराय होतो आणि ते उपाशी निघून जातात. आजही ते आठवलं की मला ओंजळ आठवते, नखं आठवतात, मनगटावरचे पांढरे केस आठवतात. माणूस उघडा होता, हे शाळेत दुसऱ्या मुलांनी चिडवल्यावर माझ्या ध्यानात आलं.

ताई, तुमच्या न्हाणीवाल्या बाईंचं लक्ष पाण्याच्या कढतपणावर होतं. माझं दुधाच्या धारेवर होतं. मला वाटतं हे कुठंतरी जुळतं.


बांधावरून

सगळं मनापासून वाचलं. आता माझं ऐका.

उन्हाळ्यात गावातली पोरं विहिरीवर पोहायची. कमरेला करदोडा, पाठीला वाळका भोपळा नाहीतर पत्र्याचा डबा बांधलेला, आणि वरून धपाधप उड्या. तुम्ही जो निरागसपणा म्हणताय ना, तो बघायचा असेल तर ती विहीर होती. मी तो बघितलाय. बांधावरून. आमच्या वस्तीतल्या पोरांना त्या विहिरीत उतरायची मुभा नव्हती. ही काही शाहू महाराजांच्या आधीची गोष्ट नाही, मी १९७८ चं सांगतोय. महाराजांनी १९१९ मध्येच सार्वजनिक पाणवठे सगळ्यांना खुले केले होते. पण विहीर खाजगी, मालक म्हणेल तसं.

कपडे काढल्यावर माणूस माणसासारखा होतो म्हणतात. त्या विहिरीवर सगळी पोरं उघडी होती आणि मीही उघडाच होतो, चड्डी हातात घेऊन उभा. कुणाच्या अंगावर जात लिहिलेली नव्हती, तरी सगळ्यांना वाचता येत होती. संस्थानच्या पागेतल्या गंगाराम कांबळे यांना पाण्याच्या हौदाला शिवले म्हणून फटके बसले होते. महाराजांनी त्यांना चहाचं हॉटेल काढून दिलं आणि स्वतः तिथं जाऊन चहा प्यायले. मला त्या गोष्टीत नेहमी त्यांची पाठ दिसते.

लालमाती काका, तुमच्या मातीखाली कोण कुठल्या घरचा ते दिसत नव्हतं म्हणालात. मी तुमच्यावर विश्वास ठेवतो. पण मातीत उतरू कुणाला दिलं, हे आधी ठरलेलं असायचं.


लालमाती

खरं हाय भावा. आमच्या तालमीत सगळ्या जातीची पोरं हुती. पर तुमच्या गावच्या विहिरीसारखंच कुठं कुठं तालमीचं बी हुतं, हे मला माहीत हाय. मी ते लिवलं न्हाई. लिवाय पायजे हुतं.


गडहिंग्लजची

बांधावरून यांच्या पुढचं एक. सौंदत्तीला यल्लम्माच्या डोंगरावर आपल्याकडून किती गाड्या जातात, तुम्हाला ठाऊक आहे. तिथं बायका-मुली लिंब नेसायच्या, अंगावर कडुलिंबाच्या डहाळ्यांशिवाय काही नाही. कर्नाटकात चंद्रगुत्तीला तर रेणुकांबा देवीसाठी नदीपासून देवळापर्यंत नग्न चालत जायची प्रथा होती. १९८६ मध्ये तिथं विरोध करणाऱ्यांना आणि पोलिसांना जमावानं धरून मारलं, कपडे फेडले, आणि नंतर सरकारनं ती प्रथा बंद केली.

आमच्या भागात देवदासी प्रथेविरुद्ध काम झालं तेव्हा मी कॉलेजात होते, सभांना सतरंज्या घालायचे. एका मावशींनी सांगितलेलं विसरले नाही. त्या लहानपणी लिंब नेसल्या होत्या. म्हणाल्या, पाला बोचतो ते काही नाही, पण बघायला गर्दी होते.

कोटितीर्थ ताईंनी टॉवेल स्वतः ठेवला आणि हवा तेव्हा परत उचलला. मला सगळ्यात मोलाचं ते वाटतं. उघडं व्हायचं की नाही हे ज्याचं त्यानं ठरवलेलं असेल, तरच पुढचं बोलणं.


राजारामपुरी_आठवी_गल्ली

मी २२ वर्षांचा. प्रश्न साधा आहे. हे सगळं भारतात कायदेशीर आहे का? गोव्यात चालतं असं ऐकलंय.

आणि एक सांगू का, मी आठवीपासून टी-शर्ट काढून पोहलेलो नाही. छातीवरून पोरं चिडवायची. कळंब्याच्या तळ्यात सगळे उतरतात, मी मोबाईल सांभाळतो. फोटोत मी नेहमी फोटो काढणारा.


जुनीपाने

नाही. सार्वजनिक जागी अश्लील कृत्य आणि त्यानं लोकांना त्रास, यासाठी पूर्वी भारतीय दंड संहितेचं कलम २९४ होतं, आता भारतीय न्याय संहितेचं २९६. तीन महिन्यांपर्यंत शिक्षा होऊ शकते. गोव्याला वेगळा कायदा नाही. त्या भानगडीत पडू नका.

पण टी-शर्ट काढायला कुठलं कलम आडवं येत नाही.


लालमाती

बाळा, तू पत्ता विचार आणि सकाळी आमच्या तालमीत ये. लढाय नगं. नुसता मातीत बस. हितं कुणी हसणार न्हाई, माझी जबाबदारी.


कोटितीर्थ

सगळ्यांचं दोनदा वाचलं. बांधावरून, तुमचं तीनदा.

मी प्रश्न चुकीचा विचारला होता असं आता वाटतंय. हरवलं काय, असं विचारताना मी धरून चालले की ते कधीतरी सगळ्यांकडं होतं. न्हाणीवाल्या बाई आमच्या घरात पाणी कढत आहे का म्हणून विचारायच्या, पण त्यांना स्वतःला बाळंतपणात कुणी न्हाऊ घातलं, हे मला माहीत नाही. त्या मागच्या दारानं यायच्या. सवा महिना माझं सगळं अंग त्यांच्या हाताखालून गेलं, आणि त्यांचा कप मात्र आमच्या घरात वेगळा ठेवलेला होता. हे काल रात्री आठवलं आणि झोप लागली नाही. आईला फोन करून त्यांचं घर विचारलं. त्या गेल्या, सात वर्षं झाली. सून आहे, रविवार पेठेत राहते. जाणार आहे.

कुंभोजकर, तुमची ओंजळ मनातून जात नाही. मुलीला वाचून दाखवली. ती म्हणाली, आई, तिथल्या आजीनं पण तुझ्या पाठीकडं बघितलंच नव्हतं, तिनं ऊन बघितलं.

गडहिंग्लजची, टॉवेलचं तुम्ही म्हणालात ते मला सुचलं नव्हतं. इथं आल्यापासून मी परत लांब बाह्या घालते. अजून उचललेलाच आहे तो.


बिंदूचौक

ताई, आमच्या पोहण्याच्या तलावावर सकाळी सहा ते सात बायकांची बॅच असते. साठ वर्षांच्या दोघी आहेत, एक पोलिओची आहे, माझं वजन ९१ किलो. पोहण्याचा पोशाख लागतो, अर्ध्या बाहीचा चालतो. मी रोज असते, उजवीकडच्या पायऱ्यांपाशी. येताय का?


कोटितीर्थ

उद्या सोमवार. सहाला येते. त्या वेळी पाण्यावर ऊन असतं का? क्रीम आणायचं की नको, ते सांगा.


बिंदूचौक

साडेसहानंतर येतं, पूर्वेच्या भिंतीवरून. आणा. पाठीला मी लावून देईन.